कणगीतला भुसा

चार्ली चॅप्लिननं पडद्यावर बाईचं सोंग तीनदा घेतलं. १९१४ साली ‘अ बिझी डे’ आणि ‘द मास्करेडर’मध्ये, आणि १९१५ साली ‘अ वुमन’मध्ये. पुढं पुन्हा कधी घेतलं नाही. मुक्या सिनेमातल्या सोंगांचा विषय निघाला की जाणती माणसं हे तीन सिनेमे काढतात, आणि चार्ली बाई म्हणून किती हुबेहूब दिसतो, कसा लाजतो, कसा मुरकतो, यावर बोलत बसतात. दिसतो खरा. पण आमच्याकडच्या माणसाला त्याचं फार नवल वाटायचं कारण नाही. गणगवळणीतली मावशी आम्ही जन्मापासून बघत आलोय. दंडावरची बेटकुळी पदराखाली झाकत नाही, आवाज घोगरा, आणि तरी ती मावशीच. ती बाप्या आहे हे किस्नाला ठाऊक, गवळणींना ठाऊक, पुढं बसलेल्या पोराटोरांना ठाऊक. तिथं फसवाफसवी काहीच नाही. आणि इकडं दादासाहेब फाळक्यांनी १९१३ साली ‘राजा हरिश्चंद्र’ काढला तेव्हा तारामती झाले ते अण्णा साळुंके. बाई मिळाली नाही म्हणून बाप्या उभा केला. १९१७ च्या ‘लंकादहन’मध्ये तर राम तेच आणि सीताही तेच. लोक हसले नाहीत, त्यांनी हात जोडले. म्हणजे पुरुषानं लुगडं नेसणं ही आमच्याकडं आपोआप हसायची गोष्ट कधीच नव्हती.

तेव्हा सोंग किती बेमालूम आहे, हा माझ्या दृष्टीनं दुय्यम प्रश्न. सोंग कुणाला फसवायला घेतलंय, हे आधी बघावं. आणि ते बघायचं तर ‘अ वुमन’च्या आधी चार्लीचा दुसरा एक सिनेमा बघावा लागतो. त्यात तो बाई होत नाही, जावई होतो.

‘अ जिटनी इलोपमेंट’ त्याचं नाव. हाही १९१५ चाच, एसने कंपनीत असताना केलेला. नावातली ‘जिटनी’ म्हणजे काय, हे समजावून सांगायला शहरातल्या लोकांना वेळ लागतो, आमच्या भागात एका शब्दात काम होतं : वडाप. जिटनी म्हणजे पाच सेंटचं नाणं. १९१४-१५ च्या सुमाराला अमेरिकेत फोर्ड मोटारवाले पाच सेंटला सीट घेऊन ट्रामच्या पुढं पळवायला लागले, म्हणून त्या मोटारींनाच जिटनी म्हणायचे. एसटीच्या पुढं जीप काढून ‘चला, चला, दोनच सीट’ म्हणणारा आमचा वडापवाला त्याच जातकुळीतला. असल्या मोटारीतनं पोरगी पळवून नेण्याची ही गोष्ट.

गोष्ट तरी केवढी? एडना नावाच्या पोरीचं लग्न तिच्या बापानं एका सरदाराशी ठरवलंय. काउंट म्हणतात तो. बापानं त्याला कधी पाहिलेलं नाही. नाव ऐकलं, पदवी ऐकली, आणि सोयरीक पक्की. पोरीचं मन चार्लीवर. चार्ली फूल घेऊन घराबाहेर उभा, पोरगी वर खिडकीत रडतेय. ती हातवारे करून सगळं सांगते आणि मग चार्ली स्वतःच काउंट बनून दारात हजर होतो. बाप वाकून वाकून नमस्कार करतो, जेवायला बसवतो. चार्ली पाव असा काही कापतो की हातात धरून ओढला की बाजाच्या भात्यासारखा उलगडत जावा, आणि तो वाजवल्यासारखं करतो. बाप बघत बसतो. मोठ्या घरची रीत असेल बाबा! मग खरा काउंट येतो, चार्लीला हाकलतात, पुढं बागेत मारामारी, मोटारीतनं पळापळी, पवनचक्कीभोवती फेरे, आणि शेवटी पाठलागवाल्यांची मोटार धक्क्यावरनं पाण्यात.

मोटारींचा भाग मला फारसा आवडत नाही. पळापळ त्या काळात सगळ्याच विनोदी सिनेमांत असायची, इथली काही निराळी नाही. सिनेमा आहे तो जेवणाच्या टेबलापर्यंत. चार्लीनं सोंग म्हणून विशेष काही केलेलंच नाही, हे तुम्ही नीट बघा. अंगावरचे कपडे जवळजवळ तेच, चाल तीच, मिशी तीच. सोंग वठवायचं निम्मं काम बापच करतो. त्याला काउंट हवाय, त्यामुळं दारात जो येईल तो त्याला काउंट दिसतो. आणि पोरीला पहिल्यापासून सगळं माहीत. ती टेबलावर बसून हसू दाबतेय. फसवणूक चाललीय ती जिला नांदायचंय तिची नव्हे, जो ठरवतोय त्याची.

हे मला कळलं ते कुठल्या पुस्तकातनं नाही. त्यासाठी थोडं गावाकडं जावं लागेल.

बहात्तरच्या दुष्काळानंतरच्या साली आमच्या गावात कुटुंबनियोजनाच्या प्रचाराची गाडी आली. लाल त्रिकोणवाली. नुसता त्रिकोण बघायला कोण येणार? म्हणून ती माणसं आधी चार्लीची रिळं लावायची आणि गर्दी जमली, की मग मुद्द्यावर यायची. चावडीपुढच्या दोन लिंबांना पडदा बांधला. बाप्ये पुढून बसले. बायका कुठं बसणार? सासरे, भावे समोर. त्या पडद्याच्या मागच्या अंगाला बसल्या. मागून चित्र दिसायचं तसंच, फक्त उलटं. उजव्या हातानं जेवणारा डाव्या हातानं जेवायचा. इंग्रजी पाट्याही उलट्या. पण सुलट्या पाट्या तरी पुढच्या बाजूला कोण वाचत होतं? बोलता सिनेमा असता तरी काही बिघडलं नसतं म्हणा, पण मुक्याला पडद्याच्या दोन्ही अंगांनी सारखीच भाषा होती. गाडीबरोबरच्या माणसानं पहिल्या दोन-चार पाट्यांचा अर्थ ओरडून सांगितला, तेव्हा एक म्हातारा म्हणाला, “आरं गप की, कळतंय समदं.”

आणि खरंच कळत होतं. पोरगी वर, पोरगा खाली, बापानं न बघता ठरवलेली सोयरीक. यात न कळण्यासारखं काय होतं? पोरगी बघायचा कार्यक्रम चाललाय हे लोकांनी टेबल बघताच ओळखलं. “खोटा पावना हाय” म्हणून पोरं ओरडली.

माझी आत्या त्या वेळी माहेरी आली होती. तिला आम्ही सगळे अक्का म्हणायचो. अक्काच्या लग्नाची गोष्ट गावाला माहीत होती, घरात मात्र कुणी काढायचं नाही. आबा, म्हणजे माझे आजोबा, तिचं स्थळ बघायला गेले तेव्हा सोप्यात ज्वारीनं काठोकाठ भरलेली कणगी होती. आबांनी वरनं हात घातला, मूठभर ज्वारी काढली, दाणा दाताखाली फोडून बघितला. चांगला टपोरा दाणा. दारात खिलारी बैलजोडी. नवऱ्या मुलाच्या मनगटाला घड्याळ. आबांनी तिथंच सुपारी फोडली. अक्का नांदायला गेल्यावर चौथ्या दिवशी जातं मांडायला कणगीकडं गेली, तर वितभर ज्वारीखाली सगळा भुसा. बैल शेजारच्याचे होते, ते लग्न उरकल्यावर परत गेले. घड्याळ कुणाचं होतं हे शेवटपर्यंत कळलं नाही. यातलं अक्कानं माहेरी येऊन एक अक्षर सांगितलं नव्हतं. दुसऱ्यांकडनं कळलं. ती त्या घरात राबली, चार लेकरं केली, पुढं त्याच कणगीत खरी ज्वारीही तिनंच भरली.

तर पडद्यावर एडनाचा बाप चार्लीपुढं वाकत होता. खुर्ची पुढं करत होता. आणि पडद्यामागनं अक्काचा आवाज आला, अगदी खणखणीत :

“आवं, हात जरा खोल घालून बगा की!”

मागच्या अंगाला बायकांमध्ये जी हसण्याची लाट उठली ती पडद्याच्या खालनं पुढं आली आणि बाप्येही हसायला लागले. कणगी सगळ्यांच्या ध्यानात होती. आबा पुढच्या रांगेत होते. त्यांनी विडी पेटवली. ओढली मात्र नाही, ती तशीच बोटांत विझली. पुढची सगळी पळापळ, मोटारी, पाणी, त्यांनी पडद्याकडं तोंड करूनच बघितली. घरी आल्यावर कुणी काही बोललं नाही. सकाळी अक्कानं भाकरी वाढली, आबांनी खाल्ली.

पुढं शिक्षणाला शहरात गेल्यावर चार्लीवरचं बरंच वाचलं. गरिबाचा कैवारी, भटक्याचं दुःख, वगैरे. सगळं बरोबर असेल. पण अक्कानं त्या एका वाक्यात त्या सिनेमाचं जे परीक्षण केलं, ते मला कुठं लिहिलेलं सापडलं नाही. आमच्याकडं लग्नाच्या बाजारात सोंग सगळेच घेतात. बैल मागून आणतात, नोकरी सांगतात, दाखवायची धाकटी आणि उभी करायची थोरली असंही घडलेलं ऐकिवात आहे. पण त्या सोंगाचा भार शेवटी कुणावर? पोरीवर. सोंग करणारे आणि सोंगाला भुलणारे, दोघंही बाप्ये. सौदा त्यांच्यात होतो आणि भुसा निघतो पोरीच्या वाट्याला. चार्लीनं हा हिशेब उलटा मांडला. त्याच्या सिनेमात भुसा बापाच्या ताटात पडतो.

मात्र एका ठिकाणी माझं त्याच्याशी पटत नाही. एडनाचा बाप सुखवस्तू आहे. त्याला पदवीचा सोस आहे, म्हणून त्याला पाण्यात ढकलला की आपण खुशाल हसतो. आबांना कसला सोस होता? पाठीमागं आणखी दोन पोरी होत्या आणि पाऊस दोन वर्षं नीट नव्हता. पायात वहाणा नाहीत अशा अवस्थेत ते आठ कोस चालत स्थळ बघायला गेले होते. ज्वारीत हात खोल घालायची त्यांची छातीच झाली नसेल, खाली काय लागेल या भीतीनं. असला बाप चार्लीच्या त्या वेळच्या सिनेमात नाही. दोन रिळांत माणूस एवढा मावत नाही हेही मान्य, पण म्हणून तो मला तिथं दिसत नाही हे सांगायलाच हवं.

त्याच रात्री लोकांनी हट्ट धरला म्हणून दुसरं रीळ लागलं, ते ‘अ वुमन’. (ही नावंबिवं मला फार मागाहून कळली. त्या रात्री एक ‘वडापचं’ आणि एक ‘लुगड्याचं’ एवढीच ओळख.) यात एडना आहे, तिचे आईबाप आहेत, तिघं बागेत आलीत. मायलेकींचा डोळा लागतो आणि बाप दुसऱ्या एका बाईच्या मागं लागतो. ती त्याच्या डोळ्यांना रुमाल बांधून आंधळी कोशिंबीर खेळते, चार्ली छडीची मूठ त्याच्या गळ्यात अडकवून त्याला बकऱ्यासारखा ओढत तळ्याकाठी नेतो आणि देतो लाथ. हा भाग नेहमीच्या धिंगाण्याचाच, पण त्यात एक गोष्ट पेरून ठेवलीय : घरातल्या पोरीवर डोळा ठेवणारा हा माणूस बाहेर काय करतो ते आपण पाहिलेलं असतं. पुढं चार्ली मायलेकींबरोबर त्यांच्या घरी जातो, बाप मित्राला घेऊन येतो, ओळखतो, झटापटीत चार्लीची विजारच जाते. तो माडीवर पळतो आणि तिथं सापडलेले बायकी कपडे अंगावर चढवतो.

त्याला त्या कपड्यांत पहिल्यांदा बघते ती एडनाच. ती हसते. आणि ओरडून बापाला बोलवायच्या ऐवजी सोंग पुरं करायला मदत करते. मिशी काढावी लागते. चार्लीची मिशी! लिंबाखाली त्या वेळी शांतता झाली. मग कुणीतरी विचारलं, “का रं, बाप मेला व्हय ह्याचा?”

शहरातल्या वाचकाला यातली गंमत सांगावी लागेल. आमच्याकडं बाप गेला की मिशी उतरायची. जिवंत बापाच्या पोरानं मिशी काढणं हा अपशकुन. फाळक्यांना बाप्ये मिळत होते, पण मिशी काढायला तयार होत नव्हते ते याच पायी. परेश मोकाशींनी ‘हरिश्चंद्राची फॅक्टरी’त तो प्रसंग झकास रंगवलाय. चॅप्लिनच्या डोक्यात यातलं काहीही नसणार. पण आमच्या पाराला तो प्रश्न पडला, आणि खरं म्हणजे अगदी बरोबर जागी पडला. कारण मिशी उतरल्यावर चार्ली खाली येतो तेव्हा त्या घरातला बाप बापपणानं मेलेलाच असतो. अर्ध्या घटकेपूर्वी पोरीच्या अब्रूसाठी ज्याला बडवला त्याच्याच शेजारी तो सरकून बसतो, लाडीगोडी लावतो. मित्रही काही मागं नाही. दोघांनाही मुका हवाय. चार्ली दोघांना दोन्ही बाजूंनी वाकायला लावतो, ऐन वेळी मधनं बाजूला होतो, आणि ते दोघं एकमेकांचा मुका घेतात. या विनोदावर मी नंतर कितीदा हसलोय. सोंग घेतलेला माणूस मधनं निघून गेला आणि दोन भले गृहस्थ समोरासमोर उरले, बस्स.

‘द मास्करेडर’मध्येही तेच आहे, तिथं बापाच्या जागी सिनेमाचा दिग्दर्शक. चार्लीला हाकलून देतो आणि तोच बाई होऊन आला की पाघळतो. जिथं जिथं चार्ली बाई होतो तिथं तिथं उघडा पडतो तो दार राखणारा पुरुष. लोकांनी काय बघितलं कोण जाणे, पण ‘अ वुमन’वर स्वीडनमध्ये बरीच वर्षं बंदी होती. बाप्यानं बाई होणं तिथल्या साहेबांना खटकलं म्हणे. बापाचं वागणं खटकलं असेल, असा आपला माझा संशय.

या सगळ्याच्या शेजारी ठेवून बघण्यासारखं आणखी एक सोंग आहे आणि ते आपल्या ओळखीचं आहे. ब्रॅंडन थॉमसचं ‘चार्लीज आंट’ हे नाटक १८९२ चं. लंडनला त्याचे १,४६६ प्रयोग झाले. त्यावर १९२५ साली मुका सिनेमा निघाला, त्यात मावशी झाला तो चॅप्लिनचाच सावत्र भाऊ, सिडनी. आचार्य अत्र्यांनी तेच नाटक ‘मोरूची मावशी’ म्हणून मराठीत आणलं, आणि विजय चव्हाणांची ‘टांग टिंग टिंगा’वाली मावशी न पाहिलेलं घर माझ्या पिढीत विरळा. मूळ नाटकात ऑक्सफर्डच्या दोन पोरांना पोरींना जेवायला बोलवायचंय. घरात कुणी पोक्त बाई असल्याशिवाय पोरी येणार नाहीत. ब्राझीलची श्रीमंत मावशी वेळेवर येत नाही म्हणून मित्रालाच मावशी करतात. पोरींचा पालक त्या मावशीच्या पैशाला भुलतो आणि लग्नाला संमतीचा कागद लिहून देतो.

बांधणीच्या दृष्टीनं हे नाटक चॅप्लिनच्या दोन रिळांपेक्षा कितीतरी पक्कं आहे. एक खिळा सैल नाही. आणि पालकाची लालूच इथंही आहेच. तरी मला ते दुय्यम वाटतं. कारण त्या पोरींना सोंग माहीत नसतं. त्या मावशीला खरी मावशी समजून मनातलं सांगतात, आणि ऐकणारा निघतो एक बाप्या. प्रेक्षक खदखदतात. मी विजय चव्हाणांच्या प्रत्येक गिरकीला हसलोय, आणि तेवढ्या जागेला नाही हसलो. तिथं मला कणगी दिसते. वर ज्वारी आहे आणि हात घालणारीला खालचं कुणी सांगितलेलं नाही.

अक्काला मी ‘मोरूची मावशी’ची कॅसेट लावून दाखवली होती, तिच्या उतारवयात. हसली, चहा मागितला, मधेच उठून शेळीला पाला टाकून आली. संपल्यावर म्हणाली, “चांगलं हाय. पर ती लिंबाखालची पोरगी जास्त हुशार हुती.” मी विचारलं, का? तर म्हणाली, “तिला ठावं हुतं की.”

एडना पर्व्हियन्स अभिनेत्री म्हणून फार मोठी होती असं कुणी लिहीत नाही. चॅप्लिनच्या पुढं ती झाकोळूनच जाते. पण हे दोन सिनेमे पुन्हा बघायला मिळाले तर चार्लीवरची नजर जरा काढून तिच्यावर ठेवा. काउंटच्या जेवणात ती टेबलावर काय करते बघा. माडीवर, लुगड्यातल्या चार्लीकडं बघून ती हसते तेव्हा ते हसू नटीचं आहे की खरंच आवरत नाहीये, हे मला अजून ठरवता आलेलं नाही.